भानुदासनं पाय ढिला सोडला

आधीच सांगून टाकतो, या आजारातून मी उठलेलो नाही आणि उठणारही नाही. शेवटी सगळं गोड होईल या आशेनं कुणी वाचायला बसलं असेल तर त्यानं खुशाल दुसरं काहीतरी वाचावं. मी रागावणार नाही. रागवायचं म्हटलं तरी आता तोंडातून धड शिवी निघत नाही, आणि याचंच मला लई वाईट वाटतं. आमच्या मंडळाच्या मैदानावर माझ्या शिव्या ऐकायला येणारीजाणारी माणसं थांबायची.

लिहितोय ते एवढ्यासाठी की मला हे झालं तेव्हा सोलापुरात विचारायला कुणी सापडलं नाही. क्षय झालेली माणसं गिरणीत पैशाला पासरी. लकवा झालेली पण ओळखीत होती. हे मात्र कुणाच्या मामाला नाही, कुणाच्या साडूला नाही. पुढं कुणाला झालं तर त्याला निदान एवढं कळावं की आधी एक माणूस यातून गेलाय, आणि त्याला आजूबाजूच्या लोकांनी कसं वागवलं.

उजव्या हाताची दोन बोटं अजून चालतात. त्यांच्यात पेन अडकवून लिहितो. दमलो की थांबतो.

घोरपड

माझं नाव सिद्राम. मूळचा मैंदर्गीकडचा, घरात कानडी, शाळेत मराठी. लहानपणी चुलत्याच्या मागं सोलापुरात आलो आणि गिरणीच्या चाळीमागच्या मैदानावर हुतुतू खेळायला लागलो. पुढं सगळे त्याला कबड्डी म्हणायला लागले.

मी डावा कोपरा. ज्यांना खेळ माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. चढाईला आलेला गडी दम घालत, म्हणजे एका श्वासात कबड्डी कबड्डी म्हणत, आपल्या पाटीत, म्हणजे मध्यरेषेच्या आपल्या बाजूला, येतो आणि कुणाला तरी शिवून पळायला बघतो. त्याचा दम सुटेपर्यंत त्याला धरून ठेवायचं. तो मध्यरेषेला शिवला की वाचला. कोपऱ्यातल्या माणसाचं काम घोटा धरायचं. पाय आत आला की आडवं पडून घोट्याला दोन्ही हातांची मिठी घालायची, आणि मग त्यानं फरपटत नेलं, तोंडावर लाथ मारली, काहीही केलं तरी सोडायचं नाही. माझे पुढचे दोन दात त्यातच गेले. म्हणून मला घोरपड म्हणायचे.

या घोरपडीमुळंच गिरणीत लागलो. मागावर काम करायचं आणि संघातून खेळायचं. सामने आले की सुट्टी, वर दूध चालू. राज्याच्या संघातून खेळलो, दिल्लीपर्यंत जाऊन आलो. एकदा पेपरात फोटो आला. त्यात माझं तोंड दिसत नाही, नुसती पाठ आहे आणि भानुदासचा पाय.

हा भानुदास कुर्डुवाडीचा, रेल्वेत फिटर. माझ्याच वयाचा, लांब टांगांचा आणि उर्मट. आमची दुष्मनी अख्ख्या जिल्ह्याला माहीत होती. एका फायनलला त्यानं मला कोपऱ्यापासून मध्यरेषेपर्यंत फरपटत नेलं. माझी दोन्ही कोपरं सोलून निघाली. रेषेला शिवल्यावर वर मला म्हणतो, "अजून धरूनच हाईस व्हय रं? सोड की आता, गाडी गाठायचीय मला."

त्याला मी कधी माफ केलं नाही. त्याच्यासारखा गडी पुन्हा पाहिला पण नाही. आमच्या खेळात एक गोष्ट कुणी शिकवावी लागत नाही. पकडीत सापडलेला माणूस रेषेसाठी जीव टाकतो. हरला तरी शेवटच्या श्वासापर्यंत ओढतो. तेवढा मान तो धरणाऱ्याला देतोच.

गाठ

आणीबाणी लागली त्या पावसाळ्यात मागावर तुटलेला धागा जोडताना माझ्याकडनं गाठ बसेना. जन्मभर डोळे झाकून मारलेली गाठ. डावा अंगठा बोटापर्यंत यायचाच नाही. आमचा जॉबर, म्हणजे खात्याचा मुकादम, बघत उभा राहिला आणि म्हणाला, "काय पैलवान, लग्नाची गाठ मारताय काय? मुहूर्त टळला की!" सगळे हसले. मी पण हसलो.

मग अंगठ्याशेजारचं मांस उतरायला लागलं. तिथं खळगा पडला. दंडाच्या कातडीखाली आपोआप काहीतरी फडफडायचं, दुखायचं मात्र नाही. दुखत नाही म्हणजे काळजीचं काही नाही, असं मला वाटलं. खेळणाऱ्या माणसाची अक्कल एवढीच. आयुष्यभर ज्यानं त्रास दिला ते सगळं दुखणारंच होतं.

आमच्या मंडळात प्रत्येक गोष्टीला एकच नाव, जुना मार. आम्हाला खेळ शिकवणाऱ्या मारुती वस्तादांनी हात चाचपला आणि म्हणाले, "सिद्राम, नस झोपलीया. तिला जागी करायची." रोज तेल लावून मालिश सुरू झालं. आणि हाताला काम पाहिजे म्हणून वीट उचलायला दिली. डाव्या हातानं वीट धरायची, वर न्यायची, खाली आणायची. काही महिने मी हे इमानानं केलं. एक दिवस वीट निसटून पायावर पडली. पाय तोवर फरफटायलाच लागला होता, चप्पल रस्त्यात मागं राहायची आणि मी पुढं जायचो. वस्ताद म्हणाले, आता पायाला पण वीट बांधू.

नीलव्वा, म्हणजे माझी बायको, तेव्हा पहिल्यांदा वस्तादांना तोंडावर बोलली. "वस्ताद, साकु, पुरे आता. विटा घर बांदायला ठेवा. मी यांना पुण्याला नेते."

जीभ दाखवा

पुण्याच्या मोठ्या दवाखान्यात मी बरेच दिवस पडून होतो. सकाळी उजाडायच्या आत चहा, मग अंग पुसणं, मग ताप बघणं, मग डॉक्टरांची फेरी. माझ्या शेजारच्या खाटेवर झाडावरून पडलेला एक म्हातारा होता, तो दिवसभर सुनेला शिव्या द्यायचा. मला त्याचा हेवा वाटायचा, कारण तो कशामुळं पडलाय हे सगळ्यांना माहीत होतं.

डॉक्टरांबरोबर शिकणारी पोरं यायची. "जीभ दाखवा." मी दाखवायचो. जीभ तोंडातल्या तोंडात थरथरायची, ते बघायला पोरं वाकायची. एकजण बघून झाला की दुसरा. "माझी बोटं दाबा. जोर लावा." मी म्हणायचो, "लावलाय की." ते म्हणायचे, "नाही, पूर्ण जोर लावा." पूर्णच होता तो. ज्या हातांनी मी सांडासारखी माणसं आडवी केली, त्या हातांत एका बारक्या पोराची बोटं दुखेनात. मला तिथं भीती वाटायला लागली. मरणाची नव्हे, ती नंतर आली. भीती ही की मी जोर लावतोय हे कुणाला खरंच वाटणार नाही.

पाठीत सुई घालून पाणी काढलं, हातापायात सुया टोचून वीज सोडली. आणि एका सकाळी मोठे डॉक्टर पोरांना न घेता एकटे आले. म्हणाले, "नसांचा आजार आहे. सावकाश चालतो. ताकदीची इंजेक्शनं देऊ. फार श्रम करू नका."

"बरा होईन ना साहेब?"

"प्रयत्न करू आपण." मग नीलव्वाकडं बघून म्हणाले, "बाई, जरा बाहेर येता का?"

ती परत आली तोवर माझ्या चहावर साय धरली होती. हातात केळी होती. मी विचारलं, काय म्हणाले?

"बरं हुईल म्हणाले. येळ लागंल." तिनं केळ सोलून माझ्या हातात दिलं. मी खाल्लं. ही बाई लग्नापासून माझ्याशी खोटं बोललेली नव्हती. न मानायचं कारणच नव्हतं. त्या दिवशी मी खुशीत होतो, शेजारच्या म्हाताऱ्याला पण एक केळ दिलं.

अंडं

घरी आल्यावर जो येईल तो इलाज सांगायचा. कुणी म्हणे कोल्हापुरी तांबडा रस्सा, कुणी म्हणे लसूण. वस्तादांनी निक्षून सांगितलं, अंडी. आता आम्ही लिंगायत. माझ्या सासूनं अंड्याचं टरफल अंगणात दिसलं म्हणून शेजाऱ्याशी वर्षभर अबोला धरलेला. मी खेळायच्या दिवसांतसुद्धा नुसत्या दुधावर आणि शेंगदाण्यावर राहिलेला माणूस.

एक दिवस बघतो तर नीलव्वा मागच्या दारी तीन दगडांची चूल मांडून, नाकाला पदर लावून काहीतरी उकडतेय. भांडं पण वेगळं, शेजारच्या बाईकडनं मागून आणलेलं. मी म्हटलं, "अगं, हे काय?"

"गप खावा. द्येवाला मी सांगितलंय."

"काय म्हणाला देव?"

"तुमी खावा म्हणाला. डोळे मिटून गिळा, वास घिऊ नका."

मी गिळलं. ओकलो. तिनं दुसऱ्या दिवशी पुन्हा उकडलं. मला तेव्हा हसू यायचं. एवढी सोवळ्याची बाई इतकी कशानं भेदरली, हा प्रश्न माझ्या टाळक्यात आला नाही.

होळीनंतर बोलताना जीभ जड व्हायला लागली. लोक म्हणायचे, सिद्राम दुपारीच टाकून आलाय काय? मी आयुष्यात दारू प्यालो नाही. दुकानात मीठ मागितलं तर दुकानदार दुसऱ्याकडं बघून विचारायचा, हे काय म्हणतायत? मी दुकानात जाणं सोडलं. मग रस्त्यावर जाणं सोडलं. गिरणीतलं नाव निघालं. दारात खुर्ची टाकून बसायचो आणि भोंगा झाला की आत जायचो, कामावरनं येणारी माणसं दिसू नयेत म्हणून.

माती

नागपंचमीला मंडळाचे सामने असतात. त्या साली वस्तादांनी जुन्या खेळाडूंचा एक सामना ठेवला, आमचे जुने विरुद्ध कुर्डुवाडीचे जुने. आणि घरी येऊन मला म्हणाले, "तू डाव्या कोपऱ्याला उभा राहायचं."

मी म्हटलं, "वस्ताद, मला लघवीला दुसरा माणूस नेतो."

"ते हितं. मैदानात न्हाय. अंगाला माती लागली की अंग जागं हुतंय. मी लई बगितल्यात."

खरंच सांगतो, मला ते पटलं. डॉक्टर, सुया, इंजेक्शनं, सगळ्यांपेक्षा जास्त पटलं. आम्हा लोकांचं हे असंच आहे. ताप आला, पळून घाम काढ. पाय मुरगळला, त्याच पायावर खेळ. मैदानात सगळं बरं होतं हे आमच्या हाडात बसलेलं. त्या दिवसापासून मी पुन्हा जेवायला लागलो. नीलव्वाला म्हटलं, माझी चड्डी काढून ठेव. तिनं धुऊन, घडी करून ठेवली, आणि तिला कमरेत चार टाके पण घातले, कारण माझी कंबर उरली नव्हती.

दोघांनी धरून मला कोपऱ्यात उभं केलं. पावसानं माती मऊ झालेली. वाकता येईना म्हणून वस्तादांनीच चिमूटभर उचलून माझ्या कपाळाला लावली. लोक होते बरेच. नीलव्वा बायकांत उभी होती. कुर्डुवाडीकडनं पहिल्याच चढाईला भानुदास आला. केस पांढरे, पोट सुटलेलं, पण टांगा त्याच.

कबड्डी कबड्डी करत तो सरळ माझ्याकडं आला. मध्ये दोन गडी होते, त्यांच्याकडं बघितलंसुद्धा नाही. आणि त्यानं उजवा पाय माझ्यापुढं आणून ठेवला. टाकला नाही, ठेवला. पाटावर ताट ठेवतात तसा. मी पडलो. पडणं अवघड नव्हतं, नुसतं उभं राहणं सोडायचं होतं. उजवा हात त्याच्या घोट्याला लागला. डावा लागला पण मिटला नाही. तरी माझा गाल त्याच्या पोटरीवर दाबलेला होता आणि मला क्षणभर वाटलं, धरला! आता हा ओढणार. माझी कोपरं सोलणार. ओढू दे, मी सोडत नाही.

त्यानं ओढलं नाही. पाय ढिला सोडला. हा पाय मी वीस वर्षं ओळखत होतो, झोपेतसुद्धा त्यातला जोर सांगितला असता. मेलेल्या बोकडाच्या तंगडीसारखा तो माझ्या हातात पडला होता. आणि छातीत भरपूर दम असताना त्यानं दम सोडला आणि मातीत आडवा झाला.

"ओढ," मी म्हणालो. "भान्या, ओढ की रं."

तो पालथा पडून राहिला. लोक ओरडायला लागले, घोरपड! घोरपड! टाळ्या, शिट्ट्या. वस्ताद रडत होते, म्हणत होते, "बगा, मी म्हणलो नव्हतो?" आणि मला तिथं, मातीत तोंड असताना, कळलं की मी मरणार आहे. पुण्यात नाही कळलं. जो माणूस मला कधी बोटभर सूट देत नव्हता, त्यानं मला स्वतःहून पाय दिला, म्हणजे माझं संपलं.

वहिनीला विचार

सामन्यानंतर सगळे चहा घेत होते. भानुदास माझ्या खुर्चीजवळ आला. मी त्याला दोनदा विचारलं तेव्हा त्याला समजलं. का पडलास?

तो आधी म्हणाला, "पडलो न्हाय. धरलंस तू." मग माझ्याकडं बघवेना त्याला. "वैनीला विचार," म्हणाला आणि गेला. चहा तसाच ठेवून.

घरी येऊन मी नीलव्वावर इतका ओरडलो की लाळ गळायला लागली आणि तीच मला ती पुसायला लागली. मी तोंड फिरवलं. तिनं नाकबूल केलं नाही. ती कुर्डुवाडीला जाऊन आली होती. मला सांगितलं होतं मैंदर्गीला भावाकडं जाते म्हणून.

"व्हय, मीच सांगितलं," ती म्हणाली. "पाय धरले त्यांचे. तुमाला एकदा खूश बगायचं होतं मला. परत बगायला मिळणार न्हाय म्हणून."

"परत का नाही?"

ती चुलीकडं तोंड करून बसली. मला उत्तर माहीत होतंच, पण ते कुणीतरी बोलायला पाहिजे होतं. ती बोलली नाही, आणि मी तिच्याशी बोलणं बंद केलं. तिनं भरवलं तर खायचो. तिनं उठवलं तर उठायचो. नवरा-बायकोचा संसार असा कितीतरी दिवस चालला. मुलगी बार्शीहून येऊन गेली, तिलासुद्धा आम्ही काही कळू दिलं नाही. ती पण मला म्हणाली, अप्पा, आज तोंडावर तेज दिसतंय की. मला वाटलं, हिनं पण पाय ढिला सोडला. सगळ्यांनीच सोडलाय. डॉक्टर प्रयत्न करू म्हणतो, वस्ताद माती लावतो, शेजारी म्हणतात पुढच्या वर्षी खेळाल. जिवंत माणसासारखं मला कुणी ओढेना.

दिवाळी

परवाची गोष्ट. दुपारी नीलव्वा माझ्यासमोर बसून शेंगा फोडत होती. मध्येच हात थांबवून, मी काही विचारलेलं नसताना, ती बोलायला लागली.

"त्या दिवशी डॉक्टर म्हणाले, औषध न्हाय. कुटंच न्हाय, विलायतेतबी न्हाय. म्हणाले, दिवाळीपर्यंत बोलतील. मग बोलणं जाईल. मग गिळणं. मग श्वास." तिनं एक शेंग फोडली, दाणे वाटीत टाकले. "मी केळी घ्यायला गेले तवा तितंच रस्त्यावर बसले हुते. उटवंना मला."

मला वाटलं होतं हे ऐकल्यावर छाती फुटेल. तसं झालं नाही. मला ती एकटी रस्त्यावर बसलेली दिसली आणि लई वाईट वाटलं, स्वतःपेक्षा जास्त. एवढे महिने हे पोटात घेऊन ती अंडी उकडत होती.

दसरा होऊन गेलाय. म्हणजे थोडेच दिवस हातात आहेत. मी सगळी जीभ गोळा करून तिला म्हणालो, "मग दिवाळीपर्यंत तरी माझ्याशी खरं बोल. लोकांचं जाऊ दे. तू मला जिंकवू नको."

तिनं नेहमीसारखी मान हलवली. लिहून दाखवावं तर तिला वाचता येत नाही, पण घरात, गावात, माझं बोलणं आता एकट्या तिलाच समजतं, याचा मला मोठा आधार होता. ती मान हलवायची आणि मला वाटायचं, आहे कुणीतरी. मग तिची मान थांबली.

"खरं सांगू?" ती म्हणाली.

सांग, मी खुणेनं म्हणालो.

"तुमचं बोलणं मला निम्मं समजत न्हाय. आखाडापासनं न्हाय समजत. मी नुसती मान हलवते. अंदाजानं पाणी देते, अंदाजानं अंग फिरवते." ती रडत नव्हती, सरळ माझ्याकडं बघत होती. "आत्ता पण दिवाळी समजलं. खरं समजलं. फुडचं न्हाय समजलं. काय म्हणालात?"

मी पुन्हा म्हणालो. ती वाटी बाजूला सारून माझ्याजवळ सरकली आणि माझ्या ओठांकडं बघत राहिली.

"न्हाय," ती म्हणाली.

मी पुन्हा म्हणालो.

"न्हाय समजलं. अजून एकदा."